पणजोबांच्या मृत्यूच्या नोंदीपासून भावाच्या व्हॅलिडिटीपर्यंत

जून २०२३ मध्ये धाकट्या भावाचं अकरावी सायन्सचं ॲडमिशन झालं. कॉलेजच्या खिडकीवरच्या मॅडमनी फॉर्म पाहिला आणि म्हणाल्या, "एसटी लिहिलंय, पण दाखला कुठाय? आणि बारावीनंतर इंजिनिअरिंगला जायचं असेल तर व्हॅलिडिटीच्या (दाखला खरा असल्याच्या प्रमाणपत्राच्या) मागे आत्तापासून लागा." घरी येऊन पत्र्याची पेटी उघडली, तर आमच्याकडे एकाचाही जातीचा दाखला नव्हता. बाबांचा नाही, काकांचा नाही, माझाही नाही. मी ओपनमधून बी.कॉम. केलं, कारण तेव्हा कुणी धावपळ केली नाही. बाबा सातवी झाल्यावर काही वर्षांनी पेठ तालुक्यातून नाशिकला आले आणि सातपूरच्या एका कंपनीत लागले. तिथे त्यांना कुणी कधी जात विचारली नाही. आमची आदिवासी जमात कोकणा. "आपण कोकणा आहोत हे अख्ख्या गावाला माहीत आहे, कागद कशाला लागतो?" असं ते म्हणाले. पुढचं दीड वर्ष या एका प्रश्नाचं उत्तर गोळा करण्यात गेलं.

कुणाला उपयोगी पडेल म्हणून सगळं क्रमाने लिहिते आहे.

पहिली चूक माझीच. आम्ही राहतो नाशिकला, म्हणून मी घराजवळच्या सेवा केंद्रात अर्ज द्यायला गेले. तिथल्या मुलाने दोन मिनिटांत समजावलं की दाखला आपण आज कुठे राहतो त्यावर मिळत नाही. अनुसूचित जमातींचा राष्ट्रपतींचा आदेश ६ सप्टेंबर १९५० चा. त्या दिवशी तुमचं कुटुंब जिथे कायम राहत होतं, तिथल्या प्रांताकडे, म्हणजे उपविभागीय अधिकाऱ्याकडे, अर्ज करायचा. आमचं गाव पेठ तालुक्यात, म्हणजे दिंडोरीचे उपविभागीय अधिकारी. ही तारीख मनात पक्की करून ठेवा, पुढचं सगळं तिच्याभोवतीच फिरतं. ओबीसींसाठी १३ ऑक्टोबर १९६७, विमुक्त-भटक्यांसाठी २१ नोव्हेंबर १९६१, आपल्यासाठी ६ सप्टेंबर १९५०. त्याआधीचा कागद मिळाला तर त्याचं वजन फार मोठं.

जुलैच्या पहिल्या शनिवारी आई, मी आणि बाबा गावी गेलो. सावळघाटात धो धो पाऊस होता. मार्चपासून बायकांना एसटीत अर्धं तिकीट झालं होतं, त्याचा पुढच्या फेऱ्यांमध्ये मला खूप आधार झाला.

बाबांच्या शाळेत काम लगेच झालं. शाळा सोडल्याचा दाखला आणि प्रवेश-निर्गम रजिस्टरचा उतारा, दोन्हींवर "हिंदू कोकणा". गुरुजींनी जुनं रजिस्टर कपाटातून काढून आमच्यासमोर धरलं. दाखल्यासोबत रजिस्टरचा उतारा मागाच. दाखला नंतर कधीतरी लिहिलेला असतो, रजिस्टर त्या वेळचं असतं, आणि तपासणीला येणारे रजिस्टरच बघतात.

मग मोठ्या काकांची शाळा. काका १९६५ मध्ये पहिलीत बसले. रजिस्टरमध्ये त्यांच्या नावासमोर "हिंदू कुणबी" असं लिहिलेलं होतं. मी तीनदा वाचलं. एकाच आईबापाची दोन मुलं, एक कोकणा आणि एक कुणबी! काकांचा चेहरा उतरला, जणू चूक त्यांचीच. सहा वर्षांच्या पोराला काय विचारून लिहिलं असणार? आजी म्हणाली, "घाटाखालचे, बाजारातले लोक आपल्याला कुणबीच म्हणायचे गं. शेती करतो म्हणून." पुढे वाचल्यावर कळलं की डांगापर्यंतच्या या पट्ट्यात कोकणांना बोलताना कुणबी म्हणायची पद्धत फार जुनी आहे. बाहेरून आलेल्या मास्तरांनी कानावर पडलं तेच लिहिलं असावं.

याच सुमारास ओळखीतून एक गृहस्थ भेटले. "पंचवीस हजार द्या, दाखला आणि व्हॅलिडिटी दोन्ही करून देतो, काकांची नोंदही सरळ करून देतो," म्हणाले. खरं सांगते, त्या रात्री घरात यावर बोलणं झालं. आईकडे भिशीचे पैसे होते. शेवटी बाबा म्हणाले की आपण जे आहोत ते सिद्ध करायला खोटं कशाला करायचं. नंतर कायदा वाचला तेव्हा अंगावर काटा आला. जातप्रमाणपत्राचा आपला राज्याचा कायदा २००० सालचा, १८ ऑक्टोबर २००१ पासून लागू. खोट्या माहितीवर किंवा खोट्या कागदावर दाखला मिळवला तर सहा महिने ते दोन वर्षं कैद किंवा दंड, किंवा दोन्ही. वर प्रवेश, नोकरी, पदवी सगळं काढून घेतलं जातं. रजिस्टरमधली एक खाडाखोड आमच्या खऱ्या कागदांनाही घेऊन बुडाली असती. असा माणूस तुम्हालाही भेटेल. त्याच्या वाटेला जाऊ नका.

आता १९५० च्या आधीचा कागद. आजोबा शाळेत गेलेच नव्हते, मग त्यांचा दाखला कुठून येणार? तलाठी भाऊसाहेबांनी दिशा दाखवली, "कोतवाल बुकाची नक्कल काढा." कोतवाल बुक म्हणजे गाव नमुना १४, गावातल्या जन्ममृत्यूची जुनी नोंदवही. तिच्यात जातीचा रकाना असतो. जुनी पुस्तकं अभिलेख कक्षात असतात. कोर्ट फी स्टॅम्प लावून नकलेचा अर्ज द्यायचा. अर्जात "सगळ्या नोंदी शोधून द्या" असं लिहिलं तर काहीच हाती लागत नाही. गावाचं नाव, व्यक्तीचं नाव, तिच्या बापाचं नाव आणि अंदाजे साल, एवढं तरी द्यावं लागतं.

ते साल आजीकडून काढलं. आजीला तारखा येत नाहीत. "तुझा आजा भाताच्या आवणीत जन्मला. तो नागलीच्या खळ्यात खेळण्याएवढा झाला तेव्हा त्याचा बाप गेला." मी वही घेऊन ओट्यावर बसले आणि तिच्या बोलण्यावरून वंशावळ उतरवली. पणजोबा, त्यांचे तीन मुलगे, त्यांची मुलं, कोण कुठे दिलं, कोण लहानपणीच गेलं. आजी प्रत्येक नाव घेताना थोडं थांबायची. काही नावं मी आयुष्यात पहिल्यांदाच ऐकत होते. ही वंशावळ पुढे शपथपत्रावर गेली आणि शेवटपर्यंत तीच चालली, म्हणून सांगते, ती घाईत करू नका. प्रत्येक अर्जात नावं अगदी तशीच लिहा. एका कागदावर टोपणनाव आणि दुसऱ्यावर पाळण्यातलं नाव आलं की दोन वेगळी माणसं धरली जातात.

नक्कल मिळायला चार फेऱ्या झाल्या. पहिल्यांदा अर्ज, दुसऱ्यांदा "अजून शोध चालू आहे", तिसऱ्यांदा सुट्टी निघाली. चौथ्यांदा, १७ ऑगस्टला, तिथल्या कर्मचाऱ्याने लाल कापडात बांधलेला गठ्ठा टेबलावर सोडला. कागद चहाच्या रंगाचा झालेला, कडा बोट लावला की गळत होत्या. शाई काही ठिकाणी गडद, काही ठिकाणी नुसता ओरखडा. आणि सगळं मोडीत. मला एक अक्षर लागेना. माझ्या पणजोबांचं नाव माझ्यासमोर होतं आणि मला ते वाचता येत नव्हतं.

मोडी वाचणारे काका नाशिकला सापडले. पुराभिलेख विभागाची मोडीची परीक्षा उत्तीर्ण झालेले. असाच जाणकार शोधा, कारण लिप्यंतरावर त्यांची सही-शिक्का लागतो. तीन नोंदींचे त्यांनी १,२०० रुपये घेतले. भिंग धरून वाचत गेले. पहिली नोंद १९३२ ची, "यास मुलगा झाला", आणि मुलाचं नावच नाही! तेव्हा जन्माच्या दिवशी नोंद व्हायची आणि बारसं नंतर, म्हणून बहुतेक नोंदी अशाच असतात. दुसरी नोंद आमची नव्हती, नावसाधर्म्य निघालं. तिसरी १९४१ ची, पणजोबांच्या मृत्यूची. नाव, वल्द (बापाचं नाव), वय, कारण ताप, आणि जातीच्या रकान्यात त्यांनी बोट ठेवून वाचलं, "को-क-णी." मी त्यांना परत वाचायला लावलं. बाबा शेजारी बसले होते. ते खिडकीकडे बघत राहिले, काही बोलले नाहीत.

शासनाच्या यादीत कोकणा, कोकणी, कुकणा ही तिन्ही नावं एकाच नोंदीत आहेत, म्हणून "कोकणी" आणि "कोकणा" यातल्या फरकाची काळजी नको. काळजी होती ती दुवा जोडायची. पणजोबा कोकणी हे ठरलं, पण माझे आजोबा त्यांचेच कशावरून? जन्मनोंदीत तर नाव नाही. तो प्रश्न जमिनीच्या कागदाने सोडवला. पणजोबा गेल्यावर वारसांची नावं लागली तो १९४३ चा फेरफार तलाठ्यांनी काढून दिला. त्यात तिन्ही मुलांची नावं, आजोबांचं सगळ्यात शेवटी, "अज्ञान" (वयाने लहान) म्हणून. फेरफारात जात लिहिलेली नसते, पण नाती असतात. मृत्यूनोंदीने जात दिली, फेरफाराने नातं दिलं, बाबांच्या शाळेच्या रजिस्टरने साखळी आमच्यापर्यंत आणली. तुमचं कुटुंब पिढ्यान्‌पिढ्या जमीन कसत असेल तर वारस फेरफार विसरूच नका.

२४ ऑगस्टला भावाच्या दाखल्याचा अर्ज दिला. सोबत वंशावळीचं शपथपत्र, साध्या कागदावर. शासकीय कार्यालयात द्यायच्या अशा शपथपत्राला स्टॅम्पपेपर लागत नाही, २००४ पासून मुद्रांक शुल्क माफ आहे, तरी बाहेर टेबल मांडून बसलेले लोक स्टॅम्पपेपर घ्यायला लावतात. नम्रपणे नाही म्हणा. दाखल्याची मुदत ४५ दिवसांची आहे. एकदा त्रुटी निघाली (आधारवर बाबांचं नाव आणि शाळेतलं नाव यात एका वेलांटीचा फरक), ती दुसऱ्याच दिवशी पूर्ण केली. ६ ऑक्टोबरला दाखला मिळाला. भावाने मोबाइलवर फोटो काढून गावच्या ग्रुपवर टाकला. आम्हाला वाटलं, निम्मं काम झालं. खरं तर ते सुरू व्हायचं होतं.

दाखला आणि व्हॅलिडिटी या दोन वेगळ्या गोष्टी आहेत हे अनेकांना ठाऊक नसतं. दाखला प्रांत देतात. तो खरा आहे का हे अनुसूचित जमाती प्रमाणपत्र तपासणी समिती ठरवते. नाशिकची समिती गडकरी चौकातल्या आदिवासी विकास भवनात बसते. या समित्यांमागे सर्वोच्च न्यायालयाचा १९९४ चा माधुरी पाटील खटल्याचा निकाल आहे. तो खटलाही आपल्याच राज्यातला, महादेव कोळी जमातीच्या दाव्याचा. खोटे दाखले काढून खऱ्या आदिवासींच्या जागा जातात, म्हणून ही चाळणी आली. ती हवीच असं मला आजही वाटतं. पण या कायद्यात आपण कोण आहोत हे सिद्ध करायची जबाबदारी आपल्यावर असते, आणि ज्याच्या घरात लिहिता-वाचता येणारी पहिलीच पिढी आहे त्याला तिचा भार किती होतो, हे त्या भवनाच्या जिन्यात फाइली छातीशी धरून बसलेल्या आईबापांकडे पाहिलं की कळतं.

नोव्हेंबर २०२३ मध्ये कॉलेजचं पत्र घेऊन ऑनलाइन अर्ज भरला, मग प्रिंट आणि कागदांचा संच समितीत दिला. इथे आमच्यात एक वाद झाला. काकांचा "कुणबी" लिहिलेला उतारा जोडायचा की नाही? काकाच म्हणाले, "नका जोडू, माझ्यामुळे पोराचं नुकसान नको." मी जोडला. वंशावळीत काकांचं नाव आहे म्हटल्यावर चौकशीत त्यांची शाळाही बघणार हे उघड होतं. आपण लपवलं आणि त्यांना सापडलं, तर बाकीच्या कागदांवरही संशय आला असता. सोबत काकांचं आणि आजीचं एकेक शपथपत्र दिलं, की ही नोंद कशी झाली असावी. पोच घेतली, आवक क्रमांक वहीच्या पहिल्या पानावर लिहिला.

मग सात महिने काहीच नाही. या काळात काय करावं हे कुणी सांगत नाही. मी महिन्यातून एकदा आवक क्रमांक घेऊन जायची आणि शांतपणे विचारायची. भाऊ अकरावीची परीक्षा देऊन मोकळा झाला. तो रोज विचारायचा, मग त्याने विचारणं सोडलं, आणि ते मला जास्त लागलं.

जून २०२४ मध्ये दक्षता पथकाचा, म्हणजे समितीसाठी घरी-गावी जाऊन चौकशी करणाऱ्यांचा, फोन आला. कागदांवरूनच समितीचं समाधान झालं तर प्रकरण पथकाकडे जातच नाही. आमचं गेलं, कारण ती कुणबी नोंद. पथक आधी सातपूरच्या घरी आलं, नंतर गावी. सोबत संशोधन अधिकारी होते. आम्ही घाबरलो होतो, पण ते नीट बोलले, बाबांना "काका" म्हणाले. कुलदैवत कोणतं, लग्न कसं लागतं, सोयरीक कुठल्या आडनावांत होते, कुठले सण करता. बाबांनी गावित, भोये, चौधरी, महाले अशी सोयऱ्यांची आडनावं सांगितली. भावाला विचारलं, "घरची बोली येते का?" तो म्हणाला, "समजते, बोलता येत नाही." नंतर तो रडवेला झाला की आपण घालवलं. पण खरं तेच होतं. तो सातपूरच्या चाळीत वाढला. पाठ करून आलेली उत्तरं ओळखू येतात, मुलांना पढवू नका.

गावी आजीचा जबाब झाला. ओट्यावर सतरंजी टाकली होती. अधिकाऱ्यांनी डोंगऱ्या देवाबद्दल विचारलं आणि आजीचा आवाजच बदलला. मार्गशीर्षात गावातले भाये (व्रत धरणारे) कसे बसतात, पावरी कशी वाजते, डोंगराच्या गुहेशी रात्र कशी जागवतात. कणसरी मातेची नवी कणसं. वाघबारसेला गुराखी पोरं घरोघर फिरून तांदूळ-नागली कशी मागतात. ती बोलता बोलता पूर्ण बोलीत गेली. "आयीस-बाहास" म्हणत होती आणि लिहिणाऱ्यांनी पेन थांबवून नुसतं ऐकलं. मीही. इतकी वर्षं सुट्टीत गावी जाऊन मी हे तिला कधी विचारलं नव्हतं. जबाबावर तिने डाव्या हाताचा अंगठा दिला आणि शाई पदराला पुसली.

ऑगस्टमध्ये दक्षता अहवालाची प्रत आणि नोटीस आली. पंधरा दिवसांत खुलासा द्यायचा. अहवालात आजीचा जबाब सविस्तर होता, पण काकांची नोंद विसंगत म्हणून आणि मुलाला बोली येत नाही म्हणून दोन मुद्दे होते. नोटीस आली म्हणजे दावा फेटाळला असं नसतं. अहवालाची प्रत मिळणं हा आपला हक्क आहे आणि उत्तर देणं ही आपली संधी. मी वकील न करता खुलासा लिहिला, तीन पानी. पहिला मुद्दा, १९४१ ची नोंद १९५० च्या आधीची आहे आणि काकांची १९६५ ची. दुसरा, २४ मार्च २०२३ चा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल, महाराष्ट्र आदिवासी ठाकूर जमात स्वरक्षण समितीच्या खटल्यातला. त्यात म्हटलंय की आप्तभाव चाचणी, म्हणजे चालीरीती-बोलीची परीक्षा, ही एकमेव कसोटी होऊ शकत नाही. शहरात वाढलेल्या मुलांसाठी हा निकाल फार महत्त्वाचा आहे. आपल्या खुलाशात त्याची तारीख आणि नाव जरूर लिहा.

सुनावणी ऑक्टोबरमध्ये झाली, दहा-बारा मिनिटांची. अध्यक्षांनी मोडी नोंदीचं मूळ लिप्यंतर आणि १९४३ चा फेरफार शेजारी ठेवून पाहिला. काकांना विचारलं, "तुम्हाला शाळेत कोणी घातलं होतं?" काका म्हणाले, "चुलत्याने, साहेब. आईबाप रानात होते." बाहेर आल्यावर काकांचे हात थरथरत होते. चौकातल्या टपरीवर आम्ही सगळ्यांनी चहा घेतला, कुणालाच बोलायचं सुचत नव्हतं.

१२ डिसेंबर २०२४ ला व्हॅलिडिटी मिळाली. समितीने दावा फेटाळला असता तर पुढे थेट उच्च न्यायालय, मध्ये दुसरं अपील नाही. म्हणूनच समितीसमोर द्यायचं ते सगळं आधीच द्या.

खर्च विचाराल तर सगळा मिळून साधारण ९,४०० रुपये झाला. त्यात सरकारी फी अगदी थोडी. बहुतेक पैसे बसभाडं, झेरॉक्स, टायपिंग आणि मोडी वाचण्यात गेले. बाबांच्या आणि माझ्या बुडालेल्या रजा वेगळ्या. मूळ कागद लॅमिनेट करू नका, खरेपणा तपासायला अडचण होते. प्रत्येक कागदाच्या किमान पाच प्रती ठेवा आणि मूळ कागद कुणाच्याही हातात सोडून येऊ नका.

गेल्या रविवारी काका गावाहून आले होते. त्यांची नात यंदा अकरावीला जाणार आहे. वडिलांच्या बाजूच्या रक्ताच्या नातेवाइकाची व्हॅलिडिटी असली की पुढच्यांना मोठा आधार होतो, २०१० च्या अपूर्वा निचळे निकालापासून उच्च न्यायालय ते मानत आलं आहे. काकांनी पिशवीतून स्वतःची प्लास्टिकची फाइल काढली. पहिल्या पानावर त्यांनी तोच १९६५ चा उतारा लावला होता. मी तो मागे सरकवला, पुढे पणजोबांच्या नोंदीची प्रत ठेवली, आणि त्यावर भावाच्या व्हॅलिडिटीची झेरॉक्स. काका म्हणाले, "सहा प्रती दे, बाकीच्या पोरांनाही लागतील."